दंतकथा कोणाच्या वाट्याला येते?

अमेरिकेतील काळ्या लोकांच्या वस्त्यांमध्ये एक गोष्ट सांगितली जात असे. पिट्सबर्गच्या मैदानावर जॉश गिब्सनने चेंडूला असा तडाखा दिला की चेंडू आभाळात गेला आणि दिसेनासा झाला. तो खाली आलाच नाही. पंचाने होम रन दिली. दुसऱ्या दिवशी संघ फिलाडेल्फियात खेळत असताना आभाळातून एक चेंडू पडला आणि क्षेत्ररक्षकाने तो झेलला. पंच गिब्सनकडे बोट दाखवून म्हणाला, तू बाद! काल, पिट्सबर्गमध्ये!

ही गोष्ट मी वर्गात सांगितली तेव्हा मुले पोट धरून हसली. पहिल्यांदा ऐकली तेव्हा मीही हसलो होतो. हसणे ओसरल्यावर मागच्या बाकावरच्या एका मुलीने विचारले, "सर, मग त्याने खरंच किती मारले?" या साध्या प्रश्नाला साधे उत्तर माझ्यापाशी नव्हते. प्रस्तुत लेख त्या प्रश्नातून निघाला आहे.

अमेरिकेतील काळ्यांचा लढा आपल्याला परका नाही. १९७२ साली मुंबईत दलित पँथर उभी राहिली, तेव्हा तिने नावच तिथल्या ब्लॅक पँथरवरून घेतले. त्यांची कविता आणि आत्मकथने आपण वाचली. त्यांच्या खेळाचा इतिहास मात्र आपण फारसा वाचला नाही. खेळाला आपण करमणूक समजलो. वास्तविक बेसबॉल हा त्या देशाचा स्वतःविषयीचा अभिमान आहे. मैदानावर जात, कुळ, पैसा चालत नाही, चालते ती फक्त गुणवत्ता, असे तो देश या खेळाकडे बोट दाखवून सांगत आला. म्हणून या खेळाची नोंदवही तपासणे म्हणजे त्या देशाची गुणवत्तेची कल्पनाच तपासणे होय.

ज्यांना खेळ माहीत नाही त्यांच्यासाठी दोन शब्द. चेंडू फेकणारा तो पिचर. फलंदाजाच्या पाठीमागे बसून चेंडू अडवणारा तो कॅचर. चेंडू कुंपणापलीकडे गेला की होम रन, आपल्या क्रिकेटमधल्या षटकारासारखी. फलंदाजाची सरासरी म्हणजे दर हजार संधींमागे त्याने किती यशस्वी फटके मारले, त्याचा हिशेब. हजारात तीनशे मारणारा उत्तम समजला जातो. प्रत्येक चेंडूची नोंद ठेवण्याची या खेळाला हौस आहे. आकडा हाच इथला देव आहे.

या देवळाचे दार कसे बंद झाले ते पाहण्यासारखे आहे. १८८४ साली मोझेस फ्लीटवुड वॉकर हा काळा कॅचर टोलीडोच्या संघातून वरिष्ठ लीगमध्ये खेळला होता. पण १८८७ साली कॅप अ‍ॅन्सन या नामांकित गोऱ्या खेळाडूने जॉर्ज स्टोव्ही या काळ्या पिचरविरुद्ध खेळण्यास नकार दिला, आणि शतक संपेपर्यंत व्यावसायिक बेसबॉल पूर्ण गोरे झाले. यासाठी वरिष्ठ लीगना कसला कायदा करावा लागला नाही. मालकांनी मनोमन ठरवले, एवढेच. १९४२ साली बेसबॉलचे सर्वाधिकारी न्यायमूर्ती लँडिस यांनी तर जाहीरच केले की, काळ्यांना मनाई करणारा कोणताही नियम अस्तित्वात नाही. ते खोटे बोलत होते असे कागदावर सिद्ध करता आले नसते. जो नियम लिहिलेलाच नाही, तो दाखवायचा कसा आणि मोडायचा कसा? गावाच्या पाणवठ्यावरचा नियम तरी कोणत्या वहीत लिहिलेला होता?

बाहेर ठेवलेल्यांनी मग आपले घर बांधले. १३ फेब्रुवारी १९२० रोजी कॅन्सस सिटीत रूब फॉस्टर या काळ्या खेळाडू-मालकाच्या पुढाकाराने निग्रो नॅशनल लीग स्थापन झाली. (हा शब्द आता तिथल्या लोकांनी टाकला आहे. मी तो संस्थेच्या नावापुरताच ठेवतो.) हे घर अर्धे भाड्याचे होते. मोठी मैदाने गोऱ्या मालकांची. त्यांचा संघ परगावी गेला की तेच मैदान काळ्या संघांना भाड्याने मिळे. वॉशिंग्टनच्या मालकाला काळ्यांचे भाडे चालत होते, काळा खेळाडू चालत नव्हता. एका गावाहून दुसऱ्या गावी रात्रभर बसने प्रवास, जेवायला हॉटेल नाही म्हणून गाडीतच खाणे, झोपायला खोली नाही म्हणून गाडीतच झोपणे, आणि सकाळी उतरून पुन्हा सामना, असे ते जिणे होते.

या जिण्यातून जॉश गिब्सन उभा राहिला. त्याचा जन्म २१ डिसेंबर १९११ चा, जॉर्जिया राज्यातल्या ब्युना व्हिस्टा या गावचा. बाप पोलादाच्या कारखान्यात काम मिळाले म्हणून पिट्सबर्गला आला, त्याच्या मागोमाग कुटुंब आले. १९३० साली, अठराव्या वर्षी, जॉश होमस्टेड ग्रेज या बलाढ्य संघातून खेळू लागला. त्याच वर्षी जुळ्या मुलांना जन्म देताना त्याची बायको वारली. पुढली सोळा-सतरा वर्षे हा माणूस ग्रेज आणि पिट्सबर्ग क्रॉफर्ड्स या संघांतून खेळला, हिवाळ्यात पोर्तो रिकोला गेला, मधली दोन वर्षे मेक्सिकोत काढली. लोक त्याला 'काळा बेब रूथ' म्हणत. ज्यांनी दोघांनाही पाहिले होते त्यांच्यातले काही जण उलट म्हणत की, रूथ हाच गोरा जॉश गिब्सन आहे.

त्याच काळातला दुसरा अवलिया म्हणजे सॅचेल पेज. हा पिचर. अलाबामातल्या मोबील शहरचा. लहानपणी स्टेशनवर लोकांच्या पिशव्या वाहायचा, म्हणून नाव पडले सॅचेल. किरकोळ चोरीवरून बाराव्या वर्षी सुधारगृहात गेला आणि तिथे चेंडू फेकायला शिकला. प्रदर्शनी सामन्यात तो आपल्या क्षेत्ररक्षकांना खाली बसायला सांगे आणि एकट्याने फलंदाज बाद करी. १९४२ च्या अंतिम मालिकेत त्याने गिब्सनशी गाठ पडावी म्हणून आधीच्या फलंदाजांना मुद्दाम फुकट जागा दिली आणि मग त्याला तीन चेंडूंत बाद केले, असे सांगतात. ही कथा सांगणाऱ्यागणिक बदलते. न बदलणारी गोष्ट एवढीच की पेजच्या कॅन्सस सिटी संघाने ती मालिका एकही सामना न हरता जिंकली.

पेजच्या वयाबद्दलही अशीच दंतकथा होती. कोणी विचारले की तो सांगे, माझी जन्मतारीख घरच्या बायबलमध्ये लिहिली होती, ते बायबल बकरीने खाल्ले. वर्तमानपत्रे यावर खूप हसली. मला मात्र हे वाचून हसू आले नाही. माझ्या वडिलांची जन्मतारीख १ जून आहे. त्यांच्याबरोबर शाळेत नाव घातलेल्या वस्तीतल्या बहुतेक सर्वांची १ जूनच आहे. आमच्या आजीला वडिलांचा जन्म कोणत्या पावसाळ्यात झाला ते पक्के ठाऊक होते, पण गुरुजींच्या रजिस्टरला पावसाळा चालत नव्हता, तारीख हवी होती. ज्यांची नोंद कोणी ठेवत नाही, त्यांना स्वतःच्या जन्माचीही गोष्टच करून सांगावी लागते. पेजने ती हसून सांगितली, हा त्याचा स्वाभिमान. पण बकरीला दोष देऊन अमेरिकेची सुटका होत नाही.

आता बेब रूथकडे वळू. रूथचे मोठेपण मी नाकारत नाही. बाल्टिमोरच्या गरीब घरातला, सुधारशाळेत वाढलेला हा मुलगा. १९२७ साली एका हंगामात ६० आणि कारकिर्दीत ७१४ होम रन मारणारा. खाण्यापिण्याच्या, रात्री जागवण्याच्या त्याच्या गोष्टीही अपार. पण फरक इथेच आहे. रूथला दंतकथा मिळाली आणि आकडाही मिळाला. गोष्ट खोटी ठरली तरी ७१४ शिल्लक राहतात. गिब्सनला नुसती गोष्ट मिळाली. आणि रूथचे ते ७१४ तरी कोणाविरुद्ध? अधिकृत सामन्यांत त्याच्यासमोर सॅचेल पेज एकदाही उभा राहिला नाही, कारण त्याला तिथे येण्याची मुभाच नव्हती. ज्या शर्यतीत निम्म्या धावपटूंना रेषेवर उभेच राहू दिले नाही, त्या शर्यतीतल्या पहिल्या क्रमांकाला गुणवत्ता म्हणायचे की बंदोबस्त? प्राध्यापकांच्या खोलीत चहा पिताना 'शेवटी मेरिटला पर्याय नाही' असे वाक्य माझ्या कानावर पडते, तेव्हा मला हा बंदोबस्त आठवतो.

गिब्सनचा शेवट दुःखद आहे. १९४३ च्या सुरुवातीला तो बेशुद्ध पडला. मेंदूत गाठ आहे, शस्त्रक्रिया करावी लागेल, असे डॉक्टरांचे मत पडले. त्याने नकार दिला आणि तो खेळत राहिला. त्याच वर्षीची त्याची सरासरी हजारी ४६६ आहे. ऑक्टोबर १९४५ मध्ये ब्रुकलिनच्या संघाने जॅकी रॉबिन्सनशी करार केल्याचे जाहीर झाले. गिब्सनला कोणी बोलावले नाही. २० जानेवारी १९४७ रोजी, वयाच्या ३५ व्या वर्षी, तो पिट्सबर्गमध्ये वारला. १५ एप्रिल १९४७ रोजी रॉबिन्सन वरिष्ठ लीगच्या मैदानात उतरला. मध्ये तीन महिनेसुद्धा गेले नव्हते. पेज उरला होता. त्याला १९४८ साली, बेचाळिसाव्या वाढदिवशी, क्लीव्हलँडने घेतले. त्या अर्ध्या हंगामात तो सहा सामने जिंकला, एक हरला. बेचाळिसाव्या वर्षी हे करणारा माणूस बाविसाव्या वर्षी काय करत असेल, हा प्रश्न तेव्हा विचारायला हवा होता. १९६५ साली एकोणसाठाव्या वर्षी एका सामन्यासाठी त्याला पुन्हा आणले, तेव्हा संघमालकाने त्याच्यासाठी डोलखुर्ची ठेवली आणि शेजारी एक नर्स उभी केली. प्रेक्षक हसले. पेज उठला आणि तीन डाव एकही धाव न देता चेंडू टाकून परतला.

दार उघडल्याचा दुसरा परिणामही सांगितला पाहिजे. गोऱ्या संघांनी खेळाडू घेतले, काळ्यांच्या संस्था घेतल्या नाहीत. रॉबिन्सनच्या बदल्यात त्याच्या जुन्या संघाला एक पैसाही मिळाला नाही. १९४८ च्या हंगामानंतर निग्रो नॅशनल लीग बंद पडली. तिथले व्यवस्थापक, प्रशिक्षक, पंच घरी बसले. वरिष्ठ लीगमध्ये पहिला काळा व्यवस्थापक, फ्रँक रॉबिन्सन, १९७५ साली आला. मैदानावर घाम गाळायला एक काळा १९४७ साली चालला, हुकूम द्यायला चालण्यासाठी आणखी अठ्ठावीस वर्षे लागली. आणि आकड्याला हात लावायला? काळ्यांच्या इंडियानापोलिस क्लाउन्स या संघातून पुढे आलेला हँक अ‍ॅरन रूथच्या ७१४ जवळ पोहोचला, तेव्हा त्याला जिवे मारण्याच्या धमक्यांची पत्रे आली. ८ एप्रिल १९७४ रोजी त्याने ७१५ वी मारली. ती पत्रे त्याने फेकली नाहीत, जपून ठेवली. त्याला नोंदीचे मोल कळले होते.

गौरवही हप्त्याहप्त्याने आला. १९६६ साली टेड विल्यम्स या गोऱ्या फलंदाजाने कूपर्सटाउनच्या कीर्तिमंदिरात स्वतःचा सत्कार स्वीकारताना पेज आणि गिब्सन यांनाही इथे जागा मिळावी, असे उघड म्हटले. १९७१ साली पेजची निवड झाली, तेव्हा आधी काळ्यांसाठी वेगळा कक्ष काढण्याचा बेत होता. टीका झाल्यावर तो सोडावा लागला. मंदिरात घ्यायचे, पण ओसरीवर बसवायचे! १९७२ साली गिब्सन आत गेला. तेव्हाही पिट्सबर्गच्या स्मशानात त्याच्या थडग्यावर साधा दगड नव्हता. तो १९७५ साली बसला. त्यावर त्याला दंतकथेतला बेसबॉल खेळाडू म्हटले आहे. दगडावरसुद्धा दंतकथाच कोरली गेली.

मग आकडा कोठून आला? काळ्यांच्या वर्तमानपत्रांतून आला. 'पिट्सबर्ग कूरियर', 'शिकागो डिफेंडर' यांसारखी पत्रे आपल्या संघांचे सामने छापत होती. अभ्यासकांनी जुने अंक चाळून एकेका सामन्याचा तक्ता जुळवला. वर्षानुवर्षे हे काम चालले. १९६९ साली 'वरिष्ठ लीग' कोणत्या हे ठरवणाऱ्या समितीने काळ्यांच्या लीगचा विचारही केला नव्हता. डिसेंबर २०२० मध्ये १९२० ते १९४८ या काळातल्या सात काळ्या लीगना तो दर्जा देण्यात आला. मे २०२४ मध्ये त्यांचे आकडे अधिकृत वहीत चढले. त्यानुसार कारकिर्दीच्या सरासरीत पहिला क्रमांक जॉश गिब्सनचा, हजारी ३७२. त्याने टाय कॉबच्या ३६७ ला मागे टाकले. फटक्यांच्या ताकदीच्या मोजमापात त्याचे ७१८, रूथचे ६९०.

होम रनच्या आकड्यात मात्र तो वर नाही. कीर्तिमंदिरातल्या त्याच्या फलकावर जवळजवळ ८०० चा उल्लेख आहे, अधिकृत वहीत दोनशेही नाहीत. कारण त्याचे बहुसंख्य सामने गावोगावच्या मैदानांवरचे, हिशेबात न धरलेले. काही जण म्हणतात, इतक्या थोड्या सामन्यांची सरासरी खरी कशी मानायची? मी विचारतो, सामने थोडे कोणी केले? ज्यांनी भिंत बांधली, त्यांच्याच बाजूने आता 'पुरावा अपुरा' म्हणायचे, हा न्याय आपल्या ओळखीचा आहे.

निग्रो नॅशनल लीग स्थापन झाली त्याच्या तेरा दिवस आधी, ३१ जानेवारी १९२० रोजी, मुंबईत बाबासाहेबांचे 'मूकनायक' निघाले. दोन्हींचा एकमेकांशी संबंध नव्हता, हा केवळ योगायोग. पण अर्थ एकच आहे. दुसऱ्याच्या वहीत आपली नोंद होणार नसेल, तर वही आपली हवी. कूरियरच्या कोपऱ्यातला तो बारीक तक्ता ज्याने छापला, त्याला ऐंशी-नव्वद वर्षांनी तो साक्षीला उभा राहील हे कुठे ठाऊक होते?

माझ्या विद्यार्थिनीला मी आता उत्तर देऊ शकतो. बाई, किती मारले ते पूर्ण कळणार नाही, कारण मोजणाऱ्यांनी मोजले नाही. जेवढे आपल्या माणसांनी लिहून ठेवले तेवढे कळले, आणि तेवढ्यानेही तो पहिला आला. दंतकथा आपण जपूच, त्या आपल्या बापजाद्यांच्या आहेत. पण घरी गेलीस की आजीजवळ बस. तिने किती कोस पाणी वाहिले, कोणाच्या शेतात किती दिवस राबली, तिच्या वस्तीत कोण कुस्ती मारत असे, कोण हलगी वाजवत असे, ते तिच्या तोंडून ऐक आणि तारीख घालून लिहून ठेव.