लॅक्स्टनची बिनकुंपणाची शेतं

बांधावरून भाऊबंदांचं बोलणं बंद होताना मी लहानपणापासून पाहत आलोय. म्हणूनच इंग्लंडमधल्या नॉटिंगहॅमशायरचं लॅक्स्टन हे छोटं गाव मला फार जवळचं वाटतं. तिथे वेस्ट फील्ड, साउथ फील्ड आणि मिल फील्ड अशी तीन मोठी सामाईक शेतं आहेत. मधे कुंपण नाही. शेतकऱ्यांच्या वाट्याला त्यांतल्या लांबट पट्ट्या येतात. एका शेतात गहू, दुसऱ्यात वसंतातलं पीक, तिसरं पडीक. दरवर्षी पाळी फिरते.

मध्ययुगात मध्य इंग्लंडभर हीच पद्धत होती. 18व्या-19व्या शतकांत पार्लमेंटच्या कायद्यांनी शेतांना कुंपणं घातली गेली आणि गरिबांची गायरानं गेली. लॅक्स्टन वाचलं. दोन बड्या जमीनदारांचं एकमत होईना, हे त्यामागचं एक कारण. मार्क पिअर्सने 1635 साली काढलेल्या गावाच्या नकाशात नांगर धरलेली माणसंसुद्धा दिसतात.

मला सगळ्यात मोलाची वाटते ती तिथली ‘कोर्ट लीट’ ही न्यायसभा. नोव्हेंबरअखेर शेतकऱ्यांची ज्युरी नुकत्याच पेरलेल्या गव्हाच्या शेतात उतरते, हद्दीवर खुंट्या ठोकते, वाटेच्या गवतात कुणाचा नांगर घुसलाय का ते बघते. मग गावच्या पबमध्ये सभा भरते आणि दोषीला दंड होतो. शेजाऱ्यांनीच मोजायचं, शेजाऱ्यांनीच ठरवायचं.

1952मध्ये सरकारने ही जमीन विकत घेतली, 1981मध्ये ती क्राउन इस्टेटकडे गेली आणि 2020मध्ये थोर्सबी इस्टेटकडे. मालक बदलले, न्यायसभा मात्र टिकली.