माळव्याची चौथाई : निकाल न लागलेला वाद

कोर्टात दावा रेंगाळतो आणि दरम्यान वादाचं कारणच उरत नाही. मग कोणाची बाजू खरी हे न सांगताच प्रकरण निकाली निघतं. धार-देवासच्या मराठी संस्थानांच्या मुळाशी असाच एक करवाद आहे. फक्त तो चालला दिल्लीच्या बादशाही दरबारात.

मार्च 1719 मध्ये बाळाजी विश्वनाथांनी दिल्लीहून दक्षिणेच्या सहा सुभ्यांची चौथाई (वसुलाचा चौथा हिस्सा) आणि सरदेशमुखी (दहावा हिस्सा) यांची फर्मानं आणली. मागणी माळवा-गुजरातचीही होती. ती मात्र तशीच राहिली. मराठ्यांनी अर्थातच वाट पाहिली नाही. 1722 मध्ये उदाजी पवारांना माळवा-गुजरातच्या मोकाशाचा वाटा नेमून दिला गेला, म्हणजे मंजुरीच्या आधीच वाटणी! दरबाराच्या लेखी ही लूट, साताऱ्याच्या लेखी हक्क.

29 नोव्हेंबर 1728 रोजी आजच्या धार जिल्ह्यातल्या अमझेऱ्याला चिमाजी आप्पांच्या फौजेशी लढताना माळव्याचा सुभेदार गिरिधर बहादूर मारला गेला. 1732 साली बाजीरावांनी माळव्याची वाटणी केली, तेव्हा शिंदे-होळकरांबरोबर पवारांचेही वाटे पडले. धारला आनंदराव, देवासला तुकोजी आणि जिवाजी हे भाऊ. उदाजी एव्हाना पेशव्यांच्या मर्जीतून उतरले होते. डभईला ते दाभाड्यांच्या बाजूने लढले होते ना!

वसूल सुरू, पण कागद नाही. जानेवारी 1738 मध्ये भोपाळजवळ कोंडीत सापडलेल्या निजामाने माळवा मिळवून देण्याचं लिहून दिलं, तरी फर्मान काही आलं नाही. पुढच्या वर्षी नादिरशहाने दिल्लीच लुटली आणि 1740 मध्ये रावेरखेडीला बाजीराव गेले.

अखेर 1741 मध्ये, सवाई जयसिंगांच्या मध्यस्थीनंतर, फर्मान निघालं. गंमत म्हणजे त्याने चौथाईचा प्रश्न सोडवलाच नाही. शाहजादा अहमद नावाचा सुभेदार आणि बाळाजी बाजीराव त्याचे नायब. आता अख्ख्या सुभ्याचा कारभारच पेशव्यांकडे आल्यावर चौथा हिस्सा मागायचा कोणाकडे? स्वतःकडेच? बावीस वर्षांची मागणी ना मान्य झाली, ना फेटाळली गेली; ती निरर्थक झाली. माळवा कागदावर साम्राज्यातच राहिला, एवढं समाधान दरबाराला मिळालं. माझ्या मते दरबारासाठी यातून सुटण्याची ती एकच अब्रूची वाट होती.

या व्यवहारातला धारसाठी मोलाचा तपशील सहसा मागे पडतो. पेशवे करार पाळतील यासाठी बादशहाला जामीन हवे होते. राणोजी शिंदे, मल्हारराव होळकर आणि पिलाजी जाधव यांच्याबरोबर जामीन राहिले धारचे यशवंतराव पवार. पेशव्यांनी शब्द मोडला तर आपण त्यांची चाकरी सोडू, असं या चौघांनी लिहून दिलं. ज्या घराण्याची वसुली दरबाराला लूट वाटायची, त्याच घराण्याची हमी आता दरबाराला चालत होती.