वाडा नवऱ्याचा, बांधला बायकोने

अमेरिकेतल्या केंटकी राज्यात रिचमंड गावाजवळ व्हाइट हॉल नावाचा चव्वेचाळीस खोल्यांचा विटांचा वाडा आहे. गुलामगिरीविरुद्ध उभा राहिलेला कॅशियस मार्सेलस क्ले याचा वाडा म्हणून सरकारने तो जपला. कॅशियस १८१० साली याच जागी जन्मला आणि १९०३ साली इथेच वारला. पण वाड्याची कुळी शोधू लागले की मालक जरा मागे सरकतो.

पहिली वीट त्याच्या बापाची. ग्रीन क्ले हा जमिनीची मोजणी करणारा माणूस. नवी वस्ती होत असलेल्या मुलखात मोजणीच्या मोबदल्यात जमिनी घेत घेत तो केंटकीतल्या बड्या जमीनदारांत जाऊन बसला. १७९८-९९ च्या सुमारास त्याने इथे क्लेरमाँट हे दुमजली पक्के घर उभे केले. राज्यातल्या सर्वांत मोठ्या गुलाममालकांतही त्याची गणना होई. म्हणजे गुलामगिरीविरोधकाच्या या घराचा पाया गुलामांच्या घामावरच घातलेला होता.

कॅशियस येल विद्यापीठात शिकायला गेला. तिथे गुलामगिरीचा कट्टर विरोधक विल्यम लॉइड गॅरिसन याचे भाषण ऐकून तो फिरला. परतल्यावर त्याने आपल्या मालकीचे गुलाम मोकळे केले. मात्र बापाच्या मृत्युपत्राने विश्वस्तनिधीत अडकलेल्यांना मोकळे करणे त्याच्या हाती नव्हते. गुलामगिरीमुळे गरीब गोऱ्या मजुराचेही पोट मारले जाते, हा त्याचा लाडका युक्तिवाद. माणूस मात्र भलताच तापट. १८४३ मध्ये एका सभेत सॅम ब्राउन नावाच्या माणसाने त्याच्यावर पिस्तूल झाडले. गोळी छातीवरच्या सुऱ्याच्या म्यानाला लागली आणि कॅशियसने त्याच सुऱ्याने ब्राउनचा कान आणि डोळा निकामी केला. खटल्यात त्याचे वकीलपत्र घेतले ते नात्यातल्या हेन्री क्लेने, आणि तो सुटला. १८४५ साली त्याने लेक्सिंग्टनमध्ये ‘ट्रू अमेरिकन’ हे पत्र काढले, तेव्हा कचेरीच्या दाराकडे तोंड करून दोन तोफा मांडल्या होत्या. तोफा काही उडाल्या नाहीत. संपादक तापाने अंथरुणाला खिळलेला असताना गावातल्या प्रतिष्ठितांच्या समितीने छापखाना उचकटला, पेट्यांत भरला आणि ओहायो नदीपलीकडे सिनसिनाटीला धाडून दिला.

त्याच्या शौर्याच्या या कथा वाड्यात आलेल्यांना रंगवून सांगता येतात. एमिलीची कथा तशी रंगवता येत नाही. आपल्या तान्ह्या मुलाला विष घातल्याचा आळ त्याने या गुलाम स्त्रीवर घेतला. न्यायालयाने तिला निर्दोष ठरवले. तरीही त्याने तिला दक्षिणेकडे विकून टाकले. त्याचे धैर्य खोटे नव्हते, पण ते घराच्या उंबरठ्याबाहेरचे होते.

१८६१ मध्ये राष्ट्राध्यक्ष लिंकनने त्याला रशियात राजदूत म्हणून पाठवले. बायको मेरी जेन वॉरफिल्ड मुलांना घेऊन गेली आणि लवकरच परत आली. त्यानंतर यादवी युद्धाच्या काळात शेती, कर्जे, मुले सगळे तिने एकटीने सांभाळले. आणि याच धामधुमीत तिने वाडा बांधून घेतला. थॉमस लेविन्स्की आणि जॉन मॅकमर्ट्री या वास्तुकारांनी क्लेरमाँट न पाडता त्याला पोटात घेऊन भोवती आणि वर इटालियन धाटणीची नवी इमारत रचली. तळघरातल्या शेगडीची ऊब भिंतींतल्या नळ्यांतून वरच्या खोल्यांत पोचे. पावसाचे पाणी वर टाकीत साठवून घरातल्या न्हाणीघरात आणले होते. त्या काळच्या केंटकीत ही चैन कुणाला? मालक तेव्हा सेंट पीटर्सबर्गला, झारच्या दरबारात.

१८६९ मध्ये तो परतला. पुढे लॉनी नावाचा एक मुलगा रशियाहून आला. तो त्याचाच, असे बोलले जाई. मेरी जेन घर सोडून लेक्सिंग्टनला गेली. १८७८ मध्ये त्याने घटस्फोट घेतला आणि दोष तिच्यावर ठेवला, की तिने आपल्याला टाकले. तिने उभारलेल्या वाड्यातला वाटा तिला मिळाला नाही. त्या वेळचा कायदा नवऱ्याच्या बाजूचा होता.

लेकींनी हे पाहिले होते. मेरी बार आणि लॉरा या दोघी स्त्रीहक्कांच्या चळवळीत पडल्या. लॉरा केंटकी समान हक्क संघाची पहिली अध्यक्ष झाली आणि १८९४ मध्ये विवाहितेला स्वतःच्या मालमत्तेवर हक्क देणारा कायदा राज्याने केला. त्याच वर्षी चौऱ्याऐंशीच्या घरातल्या बापाने पंधरा वर्षांच्या मुलीशी लग्न लावले.

मालकाचे नाव आणखी एका घरात गेले. लुइव्हिलमधल्या एका कृष्णवर्णीय कुटुंबाने त्याचे नाव आदराने मुलाला ठेवले; त्या मुलाच्या मुलाने १९६४ मध्ये ते टाकून मुहम्मद अली हे नाव घेतले.

१९०३ नंतर व्हाइट हॉल कुळांकडे गेला आणि पडझडीला लागला. १९६८ मध्ये राज्य सरकारने तो विकत घेतला, गव्हर्नर लुई नन यांच्या पत्नी ब्यूला नन यांनी दुरुस्ती पुढे रेटली आणि १९७१ मध्ये तो लोकांना खुला झाला. एका बाईने बांधलेला वाडा दुसऱ्या बाईने वाचवला. पाटीवर कॅशियसचे नाव जरूर असू द्या, पण कॅशियसच्या आधी मेरी जेनचे लिहायला हवे.