लग्नाच्या सीडीची कुळकथा

दारव्ह्यातल्या एखाद्या घरात कपाटातून डिस्कचा गठ्ठा निघतो, तेव्हा सिनेमे आणि लग्नाच्या सीड्या एकत्रच निघतात. दिसायला सारख्या असल्या तरी त्यांची घडण वेगळी आहे, आणि आधी कुठली वाचवायची हे त्या घडणीवरच ठरतं.

मूळ पुरुष एकच: 1982 साली बाजारात आलेली गाण्यांची सीडी. त्याच 12 सेंटिमीटरच्या तबकडीवर 1993 मध्ये चालतं चित्र बसवलं, ती व्हीसीडी. तिच्यात 74 मिनिटं मावत, म्हणून सिनेमा दोन-तीन सीड्यांत यायचा. तेवढ्यासाठीही किंमत मोजावी लागली. डेटा सीडीच्या एका कप्प्यात 2048 बाइट मजकूर असतो आणि सोबत चुका दुरुस्त करणारी जादा माहिती. व्हीसीडीत त्या दुरुस्तीचा एक थर काढून 2324 बाइट भरले. ओरखडा पडलेली व्हीसीडी कॉपी करताना अर्ध्यावर अडते, ती बरेचदा यामुळेच. पुढे 1996 मध्ये 4.7 जीबीची डीव्हीडी आली. मोझर बेअर कंपनीने व्हीसीडी 28 आणि डीव्हीडी 34 रुपयांना विकायला काढली, तेव्हा सिनेमा विकत घेऊन घरी ठेवणं सामान्य माणसाच्या आवाक्यात आलं.

सिनेमाच्या डिस्कवरचे माहितीचे खळगे कारखान्यात साच्याने उठवलेले असतात. शूटिंगवाल्याने दिलेल्या डिस्कमध्ये मात्र रंगद्रव्याचा थर असतो आणि रायटरचा लेझर त्यात खुणा उमटवतो. ऊन आणि उष्णता या रंगद्रव्याचे वैरी. आपल्याकडचा मे महिना काय असतो ते सांगायला नको. शिवाय सीडीचा चमकता थर नाव लिहितो त्याच बाजूला, लॅकरच्या पातळ लेपाखाली असतो. नवरा-नवरीची नावं बॉलपेनने दाबून लिहिली तरी त्याला इजा होते.

सिनेमा दुसरीकडे मिळू शकतो, घरच्या लग्नाची दुसरी प्रत बहुधा नसतेच. म्हणून आधी लग्न, बारसं, आजीची पंचाहत्तरी उतरवून घ्यावी, तीही फाइल बारीक न करता, अख्ख्या डिस्कची जशीच्या तशी. 200 डीव्हीडी काठोकाठ भरलेल्या असल्या तरी 940 जीबी होतात. 1 टीबीची हार्ड डिस्क पुरते. अशा दोन घ्याव्यात आणि दुसरी नातेवाइकाच्या घरी ठेवावी.

दारव्ह्याहून जाणारी नॅरो गेजची शकुंतला रेल्वे आता धावत नाही. एखाद्या शूटिंगमध्ये वऱ्हाड दारव्ह्याच्या मोतीबाग स्टेशनात तिच्यातून उतरताना दिसत असेल, तर त्या घराने सिनेमांना हातही न लावता तीच सीडी पहिली लावावी.