मंडई: बाजाराची आणि रात्रीची

पुण्यात मंडई म्हटलं की भाजी. गोंदिया जिल्ह्यात, आमगाव असो की अर्जुनी मोरगाव, मंडई म्हणजे भाऊबीज उलटली, पाव्हणे आले आणि आज रात्रभर नाटक! इथे मंडई गावाची असते. आज या गावाची, उद्या शेजारच्या.

दोन्ही मंडया मुळात एकच, असं माझं मत आहे. संस्कृतात 'मंडपिका' म्हणजे लहान मांडव. उत्तरेकडच्या मध्ययुगीन शिलालेखांत तोच शब्द बाजारातल्या जकातीच्या ठाण्याला लागलेला दिसतो. मधल्या 'प'चा 'व' झाला, मग तोही गळाला. मांडवी, मंडी, मंडई ही सगळी त्याच घरची. पलीकडे छत्तीसगडात जत्रेला 'मडई' म्हणतात, हिंदीत मडई म्हणजे झोपडी. पुण्यात 1886 साली रे मार्केट उभं राहिलं, त्यालाही लोकांनी मंडईच म्हटलं. तिथे शब्दातला बाजार उरला, झाडीपट्टीत, म्हणजे गोंदियाकडच्या या भागात, मांडव आणि माणसं.

हा मांडव पाहावा असा. हलकं धान कापून मोकळ्या झालेल्या बांधीत खड्डा खणायचा, त्याच मातीचा मंच करायचा, भोवती कनाती. पुढे बसायला सतरंजी, मागे खुर्च्या. रात्री दहाच्या पुढे पडदा उघडतो आणि उजाडेपर्यंत कोणी हलत नाही. कुठे दंडार, कुठे खडी गंमत, ही इथली लोकनाट्यं. यातली 'खडी' म्हणजे उभी, कलावंत उभ्यानंच गातात. पंचक्रोशीतली तरुण पोरं-पोरी एरवी कुठे इतकी एकत्र येतात? सोयरिकीची बोलणीही मंडईतच निघतात.

मांडवाचं नाव रात्रीला लागणं काही फक्त इथलं नाही. दुसऱ्या महायुद्धानंतर इंग्लंडातली पोरं शनिवारी रात्री 'पॅले'ला जात. फ्रेंचमध्ये पॅले म्हणजे राजवाडा. लंडनच्या हॅमरस्मिथमध्ये 1919 साली उघडलेल्या नाचघरानं ते नाव घेतलं, पुढे शहरोशहरीच्या नाचघरांना ते चिकटलं. वास्तूचं नाव तिथल्या रात्रीला लागलं. मंडईचंही तसंच झालं असावं.

म्हणून झाडीतला अर्थ 'हिंदीचा परिणाम' म्हणून कोणी बाजूला सारला की वाईट वाटतं. कोशात त्याला भाजीबाजाराच्या शेजारी, स्वतःच्या क्रमांकानं जागा हवी. गोंदियाकडे दिवाळीनंतर भिंतीभिंतीवर फलक लागतात, त्यावर पहिला शब्द 'मंडईनिमित्त' असतो. नाटकाचं नाव त्याच्या खाली.