वतन आणि अनुकंपा

आपल्या नांदेड-लातूरच्या मुलखात पाटीलकी, देशमुखी, कुळकर्ण ही कामे वतनाने चालत. बाप गेला की काम मुलाकडे येई. जन्म हाच त्याचा आधार. पेशवाईत याहून निराळी ‘बालपरवेशी’ची चाल होती. लढाईत पडलेल्याच्या पोराबाळांची सोय सरकार लावून देई. पहिली गोष्ट हक्काची, दुसरी करुणेची.

१९४८ साली आपण निजामी अंमलातून सुटलो. १९५० च्या राज्यघटनेने सोळाव्या कलमात सरकारी नोकरीत कुळावरून भेद करण्यास मनाई केली. वतनाची वाट बुजली; करुणेची उरली. सेवेत असता कर्मचारी निवर्तला, तर त्याच्या कुटुंबातील एकास नोकरी देण्याची योजना आली. १९९४ साली उमेशकुमार नागपाल खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने बजावले, की हा वारसाहक्क नव्हे. अकस्मात ओढवलेल्या हलाखीतून घर सावरण्याचा हा उपाय आहे. म्हणूनच कुटुंब केवळ विवाहित मुलीवर अवलंबून असेल, तर महाराष्ट्राने २०१३ साली तिलाही पात्र ठरविले.

मग अशा घराने प्रतीक्षायादीत वर्षे काढावीत, हे या तत्त्वात बसते काय? वतन उशिरा मिळाले तरी वतनच राहते. मदत उशिरा पोचली, तर ती मदत राहत नाही, एवढे आपण ध्यानी धरावे.