प्रस्तरारोहण मार्गदर्शिका, ब्रिटनमधील

कड्यांवरील चढाईच्या मार्गांचे वर्णन, लांबी व काठिण्य यांची नोंद देणारी पुस्तके. आल्प्स पर्वतातील मोहिमांची पूर्वतयारी एवढेच दुय्यम स्थान असलेल्या प्रस्तरारोहणाला ब्रिटनमध्ये एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस स्वतंत्र खेळाचे रूप आले. वॉल्टर पॅरी हॅस्केट स्मिथ यांनी १८८६ मध्ये लेक डिस्ट्रिक्टमधील नेप्स नीडल हा सुळका एकट्याने सर केला. माथा सपाट आहे की नाही, हे पाहण्यासाठी त्यांनी आधी खालून दगड फेकून पाहिले. चढून गेल्यावर खूण म्हणून हातरुमाल वर ठेवला. त्यांचे ब्रिटिश बेटांतील चढाईविषयीचे दोन खंड १८९४ व १८९५ मध्ये निघाले. त्यांत स्थळांची नोंद वर्णानुक्रमे आहे. ओवेन ग्लिन जोन्स यांच्या १८९७ च्या ग्रंथात मार्गांची ‘सोपा’पासून ‘अत्यंत कठीण’पर्यंत प्रतवारी आढळते; त्या ग्रंथासाठी केसिकच्या अब्राहम बंधूंची छायाचित्रे वापरली होती.

पुढे हे काम गिर्यारोहण मंडळांनी हाती घेतले. क्लाइंबर्स क्लबने १९१० मध्ये वेल्समधील ऑग्वेन परिसरावर आर्चर टॉमसन यांची मार्गदर्शिका काढली. अलीकडच्या पुस्तकांत कड्याच्या छायाचित्रावर मार्गाची रेषा आखलेली असते. अनेक मार्गदर्शिकांत पहिल्या चढाईची तारीख व आरोहकांची नावेही दिलेली असतात. त्यामुळे खेळाच्या इतिहासाची साधने म्हणूनही त्यांना महत्त्व आहे.